वदाईचं देऊळ, सातबोली बंदर: पुढची रांग सोडा, मागच्या पायऱ्या धरा

पुढच्या गाभाऱ्याला पाचपैकी दीड दिवा, मागच्या कानगाभाऱ्याला साडेचार. याची सरासरी काढत बसू नका. ही दोन वेगळी देवळं आहेत. वरचं छप्पर तेवढं एक आहे आणि तेही मागच्या बाजूला गळतं.

मी कुठल्या बाजूने बोलतेय ते आधी सांगते. मी सातबोलीच्या जकात धक्क्यावर दुभाषी आहे. वरच्या खोऱ्यातल्या मेंढपाळांची बोली आणि मिठागर बेटांची बोली, या दोन बोलींवर माझं घर चालतं. धक्क्यावर उभं राहायचं तर दर पावसाळ्याआधी कानातल्या बाळीवर वदाईचा शिक्का मारून घ्यावा लागतो. त्यामुळे भक्ती असो वा नसो, देवळाची वारी चुकत नाही. बाहेरगावचे व्यापारी जहाजातून उतरले की मालाआधी मला विचारतात, "देवळात किती घेतात?" सांगून सांगून घसा बसला, म्हणून आता एकदाच लिहून टाकते.

यंदा सोबत भाचा होता. वय १२, बोलताना अडखळतो. "ताई, तुझी तिथे ओळख आहे, त्याला सोन्याच्या जिभेपुढे उभा कर," असा हट्टच बहिणीने धरला. तिचं मन मोडवेना. नाहीतर मी पुढच्या बाजूला फिरकतही नाही.

देऊळ टेकडीच्या माचीवर आहे. पायऱ्या उंच आणि गुडघ्याला जाणवणाऱ्या. "पाण्यातून थेट दारात सोडतो," असं होडीवाले म्हणतात. ते दार कोठीचं आहे आणि कायम बंद असतं. दीड पांढरी वाचवा (पांढरी आणि तांबडी ही इथली नाणी) आणि चालत जा. पायऱ्यांच्या दोन्ही बाजूंना दुकानं आहेत: मातीच्या जिभा, तांब्याचे कान, बोरूचे जुडगे, शाईच्या कुप्या. मातीच्या जिभा घेऊ नका, पुजारी त्या संध्याकाळी त्याच दुकानांत परत पाठवतात. पण शाईबद्दल नीट सांगायला हवं, कारण तिथे फसवणूक जास्त होते. "कायमची शाई" म्हणून जी विकतात ती माजूफळ आणि हिराकसाची. लिहिताना फिकी दिसते, हवा लागली की काळी होत जाते, आणि गिऱ्हाईक त्या रंगबदलावरच भाळतं. ती पुसली जात नाही हे खरं, पण जास्त तीव्र झाली तर वर्षानुवर्षं कागद आतून खात राहते. करारनाम्यातली अक्षरं जाळीसारखी गळून पडलेली मी जकातीत पाहिलेली आहेत. ताडपत्रासाठी तर ती विकत घेणं म्हणजे पैसे पाण्यात घालणं. पानावर आधी लोखंडी लेखणीने कोरायचं आणि मग तेलात कालवलेली काजळी चोळून पुसून घ्यायची, की कोरलेल्या रेघेत काळं राहतं. विहिरीजवळचा म्हातारा दुकानदार हे न विचारता सांगतो आणि काजळीची पुडी २ तांबड्यांना देतो. बाकीच्यांकडे तीच ६ ला आहे.

आता पुढचा गाभारा. सोन्याची हातभर लांब जीभ, चांदीची जाळी, दोन्ही बाजूंना चवऱ्या. दिसायला देखणं आहे, नाही म्हणणार नाही. दरफलक दारातच लावलेला आहे: नाम वाहायचं तर ३ तांबड्या, विशेषण ५, क्रियापद १ पांढरी, आणि "नाही" हा शब्द वाहायचा तर ५ पांढऱ्या, वर नवरा-बायको दोघांची संमती. (एका पांढरीच्या २० तांबड्या होतात. नव्याने आलेल्यांना सुट्टे देताना पुजारी १८ मोजतात, तेव्हा हात लावून मोजा.)

शब्द वाहणं म्हणजे काय हे बाहेरच्यांना ठाऊक नसतं. आपल्या रोजच्या वापरातला एक शब्द वदाईला द्यायचा. दिला की पुढच्या पावसाळ्यापर्यंत तो आपल्या तोंडून निघत नाही. जीभ उचलते, पण तिथे काही सापडत नाही. बदल्यात तेवढा काळ एक परकी भाषा ऐकून समजू लागते. व्यापारी त्यासाठीच येतात. शब्द "रोजच्या वापरातला" हवा, ही अट नंतरची. पूर्वी लोक आजोबांच्या वेळच्या औताच्या सुट्या भागांची नावं वाहून मोकळे व्हायचे. आता महिन्याभरात तो शब्द तुमच्या तोंडून ऐकलेला साक्षीदार आणावा लागतो. त्यातूनही पळवाटा आहेतच. आमच्या बाजारातल्या एका कोळणीने "शिळं" हा शब्द वाहिला. आता तिला कोणी काहीही विचारो, तिच्याकडचे मासे शिळे आहेत असं ती म्हणूच शकत नाही. एका कापडवाल्याने "उद्या" वाहिला. त्याचे घेणेकरी वर्षभर दुकानासमोर बसून होते, पण त्याच्याकडून तारीख काही निघाली नाही.

शब्द खरोखर जातो, समज खरोखर येते. यात देवीबद्दल माझी तक्रार नाही. माझी तक्रार पावती फाडणाऱ्यांबद्दल आहे. पुजारी सांगतात की सोन्याच्या जिभेचा स्पर्श झाला की परकी भाषा *बोलता* येईल. इतकी वर्षं धक्क्यावर उभी आहे, पण देवळातून उतरून फाडफाड परकी भाषा बोलणारा एकही माणूस अजून भेटलेला नाही. येतं ते ऐकणं. आणि नुसतं ऐकून समजणंही किती पुरतं, हा आणखी वेगळा प्रश्न. मिठागर बेटांवर कुणालाही तोंडावर नकार देणं असभ्य समजतात. ते "भरती येऊ दे" म्हणतात. मागे एक तेलाचा व्यापारी क्रियापद वाहून आला होता. त्याला त्यांचा शब्द न् शब्द समजत होता, म्हणून तो भरतीची वाट बघत धक्क्यावर बसला. संध्याकाळी मी सांगितलं तेव्हा तो माल घेऊन गेला. (हो, देवीची ही सोय आमच्या पोटावर पाय आणते. माझं मत त्या हिशेबाने तोलून घ्या.)

कथा सगळ्यांना पाठ आहे, तरी बाहेरच्यांसाठी थोडक्यात. वदाई जे उच्चारेल ते होत असे. ती "डोंगर" म्हणाली की डोंगर उभा राहायचा. ती थांबेना, जग भरत चाललं, आणि तिच्या भावाला, मुकोबाला, टेकायला जागा उरेना. मग जीभ कापली गेली. खोऱ्यातले लोक म्हणतात तिने स्वतः कापली, बेटांवरचे म्हणतात भावाने. पण जिभेचे सात तुकडे सात नद्यांच्या मुखाशी पडले आणि त्यांच्या सात भाषा झाल्या, यावर दोघांचं एकमत आहे. तेव्हापासून बोलणं आपल्याकडे आलं आणि तिच्याकडे ऐकणं राहिलं.

मग मला सांगा, जिची जीभ कापली गेली तिच्या देवळात सोन्याची जीभ कशाला? पुढचा गाभारा मागाहून बांधलेला आहे, हे डोळे उघडे ठेवून पाहिलं तरी कळतं. मागचे दगड हाताच्या स्पर्शाने गोल झालेत, पुढच्यांवर अजून करवतीचे ओरखडे आहेत. देवळातल्या सर्वांत जुन्या ताडपत्रात फक्त कानगाभाऱ्याच्या तेलाचा खर्च मांडलेला आहे; जिभेचा उल्लेखही नाही. आणि मेंढपाळांच्या बोलीत तर पुजारी रोजच उघडे पडतात. त्या बोलीत क्रियापदाच्या शेपटावरून कळतं की सांगणाऱ्याने गोष्ट स्वतः पाहिली, कुणाकडून ऐकली, की खुणांवरून ताडली. "लांडगा आला" एवढं म्हणून चालतच नाही, कसं कळलं तेही त्याच दमात सांगावं लागतं. पुजारी प्रवचनात "वदाई बोलली" हे वाक्य पाहिल्याच्या शेपटाने म्हणतात. मागे बसलेले मेंढपाळ खांदे हलवून हसतात, आणि पुजाऱ्यांना वाटतं लोक भक्तीने डोलताहेत.

भाच्याचं काय झालं ते सांगते, कारण पुढच्या गाभाऱ्याचा अर्धा दिवा मी त्या प्रसंगानंतर कापला. आमच्या रांगेला "वाणीदोष-निवारण" असं नाव होतं. ४ पांढऱ्या. त्यात जिभेवर सोन्याचा वर्ख ठेवतात आणि संकल्प बोलायला लावतात. पोरगा बोलायला लागला ते अर्थातच घरच्या बोलीत, म्हणजे धक्क्याच्या बोलीत. पुजाऱ्याने हात वर केला. "सातांपैकी कुठलीही चालेल. ही भाषा नव्हे, भेसळ आहे. शुद्ध बोल." मागे शंभर माणसांची रांग, तोंडात वर्ख, आणि अडखळणाऱ्या मुलाला सांगायचं की जी भाषा तू कधी बोलत नाहीस तीत बोल! पहिल्याच अक्षरावर तो अडला. पुजाऱ्याने "भक्तीत कमी पडतोय" म्हणून पावती हातात दिली. पैसे परत मागितले, तर म्हणाले वर्ख गिळला गेलाय.

धक्क्याच्या बोलीला भेसळ म्हणणाऱ्यांना एवढंच सांगते. सात नद्यांचे हमाल एका गोदीत आले तेव्हा त्यांनी चार शब्द इकडचे, चार तिकडचे जोडून काम भागवलं. "तू ओढ, मी ढकल, पैसा कधी?" एवढ्यापुरतं. त्या बोलीला तेव्हा ना धड काळ होता ना वचन. पण त्यांची पोरं तीच ऐकत वाढली आणि त्यांनी ती पुरी केली. आज तीत झालं, होतंय, होईल, झालं असतं, सगळं सांगता येतं. रुसता येतं, कोडं घालता येतं. हे पोरांना कुणी शिकवलं नव्हतं. ही माझ्या आईची भाषा, आणि तिच्यात मी शिव्याही शिकले आणि अंगाईही.

असो. तोंडातला वर्ख थुंकायला लावून पोराला घेऊन मी मागच्या पायऱ्यांनी उतरले.

मागे जायचा रस्ता कुठेही लिहिलेला नाही. दीपमाळेच्या डावीकडून भिंत धरून चाला, औदुंबर लागला की खाली वळा. आत अंधार आहे, डोळे जुळायला वेळ लागतो. तिथे मूर्ती नाही. काळ्या कातळात कानाच्या आकाराची पोकळी आहे, माणूस खांद्यापर्यंत आत जाईल एवढी. आपण तिच्यात बोलायचं. काय बोलायचं याला नियम नाही. नवस चालतो, भांडण चालतं, मी एका बाईला वाणसामानाची यादी म्हणताना ऐकलंय. बाजूला बसलेले कानकरी आपण बोललेलं वाक्य शब्दशः, आपल्याच भाषेत, आपल्याच हेलात परत म्हणतात. पूजा एवढीच. पैसे घेत नाहीत. शब्द वाहायचा असेल तर तोही इथे वाहता येतो, फुकट, आणि तो तसाच जातो, कारण तो तिच्या ऐकण्याने जातो.

स्वतःचं वाक्य दुसऱ्याच्या तोंडून जसंच्या तसं ऐकणं सगळ्यांना झेपत नाही, ही सूचना देऊन ठेवते. माझ्यापुढचा एक गृहस्थ मुलाबद्दल काहीतरी तावातावाने बोलला, कानकऱ्याने ते परत म्हटलं, आणि गृहस्थ म्हणाले, "मी असं म्हटलं?" कानकऱ्याने तेही परत म्हटलं.

पोकळीच्या भोवती दिवे आहेत. एका भाषेला एक दिवा. सात मोठे, आणि त्यांच्या शेजारी, वातीसकट तेवढ्याच मानाने, धक्क्याच्या बोलीचा आठवा. पलीकडे छोट्या दिव्यांची ओळ आहे, ती विझत आलेल्या भाषांची. ओळीच्या टोकाला एक म्हातारेबुवा बसतात. बाहेरच्या खडकांवरची बोली बोलणारे ते एकटेच उरलेत. त्या बोलीत डावं-उजवं नाही, सगळं समुद्राकडचं आणि डोंगराकडचं. भाच्याला बघून ते काहीतरी म्हणाले, शेजारच्या कानकरी आजींनी उलगडून सांगितलं: "तुझ्या डोंगराकडच्या गालाला सोनं लागलंय." पोरगा लाजून वळला, तर म्हातारा खूश होऊन ओरडला, "आता समुद्राकडच्या!" तो दिवा जपायला दोन तरुण कानकरी ती बोली शिकताहेत. त्यांना मोजणी येते, गाणी येतात, शिव्या तर उत्तम येतात. पण म्हातारबुवा म्हणतात की यांना अजून त्या भाषेत कंटाळता येत नाही.

भाच्याची तक्रार मी आजींच्या कानावर घातली. त्यांनी त्याला पोकळीत एकट्याला बोलायला लावलंच नाही. "आपण सगळे मिळून म्हणू," म्हणाल्या, आणि दोर ओढण्याचं गाणं धरलं, तेच, गोदीत रोज ऐकू येणारं, आमच्याच बोलीतलं. कानकरी, मी, म्हातारबुवा, सगळे एका तालात. पोरगा त्यात पहिल्यापासून शेवटपर्यंत एकदाही अडला नाही. मग तेच शब्द गाण्याविना, पण सोबतीने म्हटले. तेही साफ. मी डोळे पुसायच्या बेतात होते, तर आजी रोखठोक म्हणाल्या, "बाई, चमत्कार समजू नका. सोबतीने म्हणताना अडखळणारी बहुतेक माणसं अडखळत नाहीत. दाराबाहेर गेला की परत अडेल." आणि अडलाच, चप्पल घेताना, स्वतःच्या टोकनाचा आकडा सांगताना. फरक एवढाच की चप्पलवाला थांबला होता आणि हाही घाबरला नाही. आता संध्याकाळच्या पाठाला तो स्वतःहून जातो. बहिणीला अजून वाटतं की वर्खाचा गुण आला. मी वाद घालत नाही, घरात राहायचं आहे.

मागच्या बाजूचा अर्धा दिवा ग्रंथकोठीसाठी कापला. ताडपत्रांची निगा चांगली आहे, दर वर्षी तेल लावतात, जीर्ण पोथ्यांची नक्कल करतात. नक्कल करणाऱ्याची नजर एका ओळीच्या शेवटच्या शब्दावरून खालच्या तशाच शब्दावर घसरते आणि मधली ओळ गायब होते. ही चूक पकडायला ते प्रत्येक पानाखाली अक्षरांची संख्या लिहितात. तुम्ही विनंती केलीत तर मोजायला बसू देतात. मला तर ते काम दर्शनापेक्षा जास्त आवडतं. सातही लिप्या शेजारी ठेवून बघा: पानावर लिहिणाऱ्यांची अक्षरं गोल वळणांची, कारण पानाच्या शिरेलगत सरळ रेघ ओढली की पान चिरतं, आणि दगडावर कोरणाऱ्यांची ताठ, टोकदार. पण छपराचं काय? पावसात कोठीच्या कोपऱ्यात बादल्या ठेवाव्या लागतात. पुढे सोन्याची जीभ दर सणाला नव्याने उजळतात आणि मागे पोथ्यांवर पाणी टपकतं. तक्रारवही आहे, पण ती पुढच्या कचेरीत, आणि धक्क्याच्या बोलीत लिहिलेली तक्रार तिथे घेत नाहीत. मी मेंढपाळांच्या बोलीत लिहून आले, पाहिल्याच्या शेपटाने.

प्रसाद दोन्हीकडे सारखाच, गूळ-खोबरं. पाणी मागच्या विहिरीचं प्या.

मुकोबाच्या रात्री यायचा बेत असेल तर विचार करून या. त्या रात्री दिवे लागल्यापासून उजाडेपर्यंत सगळ्या बंदरात कुणी बोलत नाही. बाजार मात्र चालू असतो. व्यापारी एकमेकांचे हात रुमालाखाली धरून बोटांनी भाव ठरवतात, आणि शेजारच्याला कळत नाही सौदा कितीला तुटला. बघण्यासारखं असतं. पण लहान मूल सोबत असेल तर गावाबाहेरच्या धर्मशाळेत उतरा. रडणाऱ्या मुलाला कुणी काही बोलत नाही (बोलणार कसं?), पण सगळे बघतात, आणि ते जास्त वाईट.

राहता राहिला शिक्का. दुभाष्यांनो आणि लेखनिकांनो, बाळीवरचा शिक्का पुढच्या कचेरीत २ पांढऱ्यांना मिळतो आणि अर्धा दिवस जातो. तोच शिक्का, त्याच ठशाचा, औदुंबराखालच्या खोलीत कानकरी मारून देतात. तिथे जकातीसमोर चालणारी पावतीही मिळते. दुपारच्या पाठानंतर जा, बाळी आधीच काढून हातात ठेवा, आणि "शिक्का द्या" असं स्पष्ट म्हणा. नुसते उभे राहिलात तर ते तुमच्या बोलण्याची वाट बघत बसून राहतील.